ग्राफिंग कॅल्क्युलेटरवर खेळ: फाइल चढवण्यापासून स्वतःचा खेळ लिहिण्यापर्यंत

पहिली सूचना अगदी वरच देऊन ठेवतो, कारण ती वाचायच्या आधीच बरेच जण चूक करून बसतात. कॅल्क्युलेटर संगणकाला जोडला की सॉफ्टवेअर विचारते, "नवी ओएस (यंत्र चालवणारी मूळ प्रणाली) आली आहे, अपडेट करू का?" तिथे नाही म्हणा. फोनवर अपडेट करणे हे शहाणपणाचे असते. इथे खेळांचे दार बंद करणारी गोष्ट बहुतेक वेळा अपडेटच असते. शिवाय नव्या मॉडेलवर एकदा वरच्या आवृत्तीला गेलात की सहसा मागे फिरता येत नाही.

या लेखात मुख्य भर टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सच्या टीआय-८४ प्लस सीई या रंगीत मॉडेलवर आहे. खेळ सर्वाधिक ज्या घराण्यासाठी लिहिले गेले, त्यातले हे आजचे चलतीचे यंत्र. टीआयचीच जुनी ८३ प्लस, ८४ प्लस आणि एनस्पायर ही यंत्रे, तसेच कॅसिओ आणि नमवर्क्स या दुसऱ्या कंपन्यांची यंत्रे यांच्याबद्दलही पुढे येईलच. साध्या सायंटिफिक कॅल्क्युलेटरवर मात्र यातले काही जमत नाही. त्यात बाहेरून फाइल घ्यायची वाटच नसते.

हातात नेमके काय आहे ते ओळखा

कॅल्क्युलेटरच्या पुढच्या बाजूला मॉडेलचे नाव छापलेले असते. ते नीट वाचा. "८४ प्लस" आणि "८४ प्लस सीई" यांत दोन अक्षरांचा फरक दिसतो, पण आतून ती दोन वेगळी यंत्रे आहेत. २००४ सालच्या ८४ प्लसमध्ये झेड८० जातीचा १५ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर, ९६ बाय ६४ ठिपक्यांचा काळा-पांढरा पडदा आणि वापरायला मिळणारी रॅम जेमतेम २४ किलोबाइट. २०१५ च्या सीईमध्ये ईझेड८० प्रोसेसर ४८ मेगाहर्ट्झवर चालतो, पडदा ३२० बाय २४० आणि रंगीत, रॅम १५४ किलोबाइट आणि फाइली साठवायला ३ मेगाबाइट. म्हणून एकासाठी असेंब्लीत, म्हणजे थेट प्रोसेसरच्या भाषेत, लिहिलेला खेळ दुसऱ्यावर चालत नाही. टीआय-८९ आणि ९२ तर आणखी वेगळ्या, ६८००० जातीच्या प्रोसेसरवर चालतात; त्यांचे खेळही वेगळे.

आता ओएसची आवृत्ती बघा. टीआयवर "सेकंड" दाबा, मग अधिकचे बटण दाबा. त्यावर वर "मेम" असे लिहिलेले असते. उघडलेल्या यादीत पहिलाच पर्याय "अबाउट" आहे. तिथे दिसणारा आकडा कागदावर टिपून ठेवा, कारण पुढे कोणती वाट धरायची ते त्या आकड्यावर ठरते.

सीईच्या बाबतीत गोष्ट अशी आहे. २०२० मध्ये कंपनीने ५.५ च्या आसपासच्या ओएसपासून असेंब्ली आणि सी भाषेतले प्रोग्रॅम चालवायची सोय काढून टाकली. परीक्षेत गैरवापर होऊ नये, हे त्यामागचे कारण सांगितले गेले. त्याआधीच्या आवृत्तीवर असे खेळ चालवायला अडसर नाही. त्यानंतरच्या आवृत्तीवर एक जास्तीची पायरी लागते, ती पुढे सांगतो.

दोन जातींचे खेळ

पहिली जात टीआय-बेसिकमधल्या खेळांची. ही भाषा कॅल्क्युलेटरमध्येच आहे. प्रोग्रॅमची ओळ न् ओळ वाचत यंत्र पुढे जाते, त्यामुळे खेळ संथ. आकडा ओळखा, फुली-गोळा, साप-शिडी, पत्ते, शब्दांतून चालणारी साहसकथा असे खेळ यात छान जमतात. शत्रू अंगावर झेपावतो आहे आणि तुम्ही उडी मारता आहात, असला खेळ बेसिकमध्ये लिहिला की शत्रूही दमतो आणि खेळणाराही.

दुसरी जात असेंब्ली किंवा सीमधल्या खेळांची. हे थेट प्रोसेसरच्या भाषेत उतरवलेले असतात, म्हणून वेगवान. गंमत अशी की सुरुवातीला कंपनीने ही वाट ठेवलेलीच नव्हती. १९९४ मध्ये टीआय-८५ च्या बॅकअप फाइलमध्ये फेरफार करून उत्साही मंडळींनी स्वतःचा कोड चालवायची फट शोधली आणि त्यातून असे प्रोग्रॅम चालवणारे झेडशेल तयार झाले. पुढच्या मॉडेलांत कंपनीनेच असेंब्लीला अधिकृत जागा दिली आणि पंचवीसेक वर्षांनी ती परत काढून घेतली. मधल्या काळात, २००९ मध्ये, ८३ प्लसच्या ओएसवर सही करायची, म्हणजे ती कंपनीचीच आहे असे यंत्राला पटवणारी, ५१२ बिटांची गुप्त किल्ली एका हौशी माणसाने घरच्या संगणकावर गणित चालवून फोडली होती. कंपनीने कायदेशीर नोटिसा धाडल्या तेव्हा इलेक्ट्रॉनिक फ्रंटियर फाउंडेशन ही डिजिटल हक्कांसाठी लढणारी संस्था या हौशी मंडळींच्या बाजूने उभी राहिली. कॅल्क्युलेटरवरच्या खेळांमागे अशी भांडणेही आहेत.

फाइलीच्या नावाच्या शेपटावरून जात ओळखता येते. "८एक्सपी" म्हणजे प्रोग्रॅम, मग तो बेसिक असो की असेंब्ली. "८एक्सव्ही" म्हणजे ॲपव्हार, त्यात खेळाचे टप्पे, चित्रे वगैरे माल असतो. "८एक्सजी" म्हणजे अनेक फाइलींचे गाठोडे. "८एक्सके" म्हणजे ८३ प्लस-८४ प्लससाठीचे ॲप आणि "८ईके" म्हणजे सीईसाठीचे ॲप. सीईसाठी खेळ शोधताना "८एक्सके" मिळाली तर ती चुकीच्या यंत्राची आहे, सोडून द्या.

केबल, सॉफ्टवेअर आणि बॅकअप

सीई आणि ८४ प्लस दोन्हींना मिनी-यूएसबी लागते. हल्लीच्या फोनची केबल बसत नाही. आणि बसणारी प्रत्येक केबलही चालत नाही: काही केबलींमध्ये फक्त चार्जिंगच्या तारा असतात. बॅटरी चार्ज होते आहे, पण संगणकाला कॅल्क्युलेटर दिसत नाही, असे झाले तर ड्रायव्हर-बिव्हरच्या मागे लागण्याआधी केबल बदलून बघा. मी एकदा अख्खी संध्याकाळ सॉफ्टवेअर काढून पुन्हा पुन्हा बसवण्यात घालवली होती. दोष त्या एका केबलचा होता.

८३ प्लसला यूएसबीच नाही. त्याला खाली २.५ मिलिमीटरचे गोल भोक आहे आणि त्यासाठी सिल्व्हरलिंक नावाची खास केबल लागते.

संगणकावर टीआय कनेक्ट सीई हे कंपनीचे मोफत सॉफ्टवेअर बसवा. विंडोज आणि मॅक दोन्हींवर चालते. लिनक्सवाल्यांसाठी टीआयएलपी नावाचे मुक्त सॉफ्टवेअर आहे आणि जुन्या मॉडेलांशी त्याचे चांगले जमते.

जोडणी झाली की खेळ चढवायच्या आधी बॅकअप घ्या. टीआय कनेक्टमधल्या "कॅल्क्युलेटर एक्सप्लोरर" या भागात यंत्रातल्या सगळ्या फाइली दिसतात. त्या निवडून संगणकावर ओढून ठेवल्या तरी पुरे. असेंब्लीतला खेळ अडकला तर रॅम पुसली जाते, आणि रॅममध्ये तुमचे स्वतः लिहिलेले प्रोग्रॅम, याद्या, मॅट्रिक्स असे सगळेच असते.

फाइल चढवणे

खेळ मिळवायच्या दोन जुन्या आणि भरवशाच्या जागा म्हणजे टीआयकॅल्क डॉट ऑर्ग आणि सेमेटेक डॉट नेट. पहिलीकडे दशकांचा साठा आहे, दुसरीकडे सीईसाठीचे नवे काम जास्त. दोन्हीकडे खेळ फुकट असतात. कोणी कॅल्क्युलेटरच्या खेळाच्या नावाखाली संगणकावर चालवायची इन्स्टॉलर फाइल देत असेल तर तिथून निघा. कॅल्क्युलेटरच्या खेळाला संगणकावर काहीही बसवावे लागत नाही.

उतरवलेली फाइल बहुधा झिप असते. ती आधी उघडा. आत खेळाची फाइल, एखादे चित्र आणि "रीडमी" नावाची मजकुराची फाइल असते. रीडमी वाचा! कोणते बटण कशासाठी, कोणती लायब्ररी (खेळाला लागणाऱ्या तयार कोडची फाइल) लागते, खेळातून बाहेर कसे पडायचे, हे सगळे तिथेच लिहिलेले असते. कॅल्क्युलेटरवर गेल्यावर विचारायला कोणी नसते.

मग असे करा:

१. कॅल्क्युलेटर चालू करून केबल जोडा आणि टीआय कनेक्टमध्ये त्याचे नाव दिसेपर्यंत थांबा.

२. कॅल्क्युलेटर एक्सप्लोरर उघडून झिपमधल्या फक्त कॅल्क्युलेटरच्या फाइली त्यात ओढून टाका. चित्रे आणि रीडमी नकोत.

३. पाठवण्याआधी एक खिडकी येते, तिथे जागा निवडता येते: रॅम की आर्काइव्ह. ॲपव्हार आणि लायब्ररी आर्काइव्हमध्ये पाठवा. बेसिकमधला खेळ रॅममध्ये. असेंब्लीतला खेळ शेलमधून चालवणार असाल तर तोही आर्काइव्हमध्ये.

४. पाठवून झाल्यावर यंत्रावर "सेकंड", "मेम", मग दुसरा पर्याय "मेम मॅनेजमेंट" उघडून फाइल खरोखर पोहोचली का ते बघा.

रॅम आणि आर्काइव्ह हा फरक डोक्यात पक्का बसला की निम्म्या अडचणी संपतात. रॅम म्हणजे कामाचे टेबल, आर्काइव्ह म्हणजे कपाट. अडचण झाली की टेबल झटकले जाते, कपाट शाबूत राहते. मेम मॅनेजमेंटच्या यादीत ज्या नावापुढे चांदणी दिसते ते आर्काइव्हमध्ये आहे. नावावर जाऊन "एंटर" दाबले की ते इकडून तिकडे जाते. बेसिक प्रोग्रॅम आर्काइव्हमध्ये ठेवून थेट चालवायला गेलात तर यंत्र "आर्काइव्ह्ड" अशी चूक दाखवते. घाबरू नका, चांदणी काढा आणि पुन्हा चालवा.

चालवणे

बेसिकसाठी एवढेच: "पीआरजीएम" बटण, यादीतून नाव, "एंटर", मग मुख्य पडद्यावर नाव आल्यावर पुन्हा "एंटर". मध्येच थांबवायचे असेल तर "ऑन" दाबा. "ब्रेक" अशी चूक येईल, तिथे "क्विट" निवडा.

असेंब्लीतला खेळ जुन्या ओएसवर असाच सरळ चालत नाही. त्याच्या नावाआधी "एएसएम" ही आज्ञा लावावी लागते. ती "सेकंड" आणि शून्य दाबून उघडणाऱ्या कॅटलॉगमध्ये मिळते. प्रत्येक वेळी हे कोण करणार? म्हणून शेल वापरतात. शेल म्हणजे खेळांची यादी दाखवणारा आणि ते चालवणारा छोटा प्रोग्रॅम. ८३ प्लस आणि ८४ प्लसवर मिराजओएस आणि डोअर्स सीएस ही नावे प्रसिद्ध आहेत. अंतराळयुद्धाचा फिनिक्स हा खेळ बहुतेकांनी पहिल्यांदा अशाच एखाद्या शेलमधून खेळलेला असतो. सीईवर सेसियम हे शेल वापरा. ते प्रोग्रॅम म्हणून येते, एकदा चालवून ॲप म्हणून बसवून टाका, म्हणजे रॅम पुसली गेली तरी "ॲप्स"च्या यादीत कायम राहते. सेसियम आर्काइव्हमधला खेळही थेट चालवते, चांदणीची कटकट उरत नाही.

सीईसाठीचे बरेच चांगले खेळ सीमध्ये लिहिलेले आहेत आणि त्यांना "सीलिब्स" नावाचे लायब्ररींचे गाठोडे लागते. खेळ सुरू करताच "लिबलोड" नसल्याची तक्रार पडद्यावर आली की समजायचे, खेळ ठीक आहे, गाठोडे राहिले. ते एकदाच आर्काइव्हमध्ये पाठवा, पुढच्या सगळ्या खेळांना पुरते. ओइराम नावाचा उड्या मारत पुढे जायचा खेळ असाच आहे. नाव उलटे वाचून बघा, कोणाची आठवण ठेवून लिहिला आहे ते कळेल. त्याला लायब्ररींबरोबर टप्प्यांची वेगळी ॲपव्हार फाइलही द्यावी लागते. ती नसेल तर खेळ उघडतो, पण खेळायला काहीच नसते.

आता ५.५ नंतरच्या ओएसची गोष्ट. तिथे असेंब्ली बंद असल्यामुळे आर्टिफिस नावाची जेलब्रेक फाइल, म्हणजे कंपनीने घातलेला अडसर ओलांडणारी फाइल, वापरतात. ही वाट कॅब्री ज्युनियर या भूमितीच्या ॲपमधून जाते. यंत्रावर कॅब्री ज्युनियर असल्याची खात्री करा, नसेल तर कंपनीच्या संकेतस्थळावरून ते मिळते. आर्टिफिसची फाइल पाठवा, "ॲप्स"मधून कॅब्री ज्युनियर उघडा, आत गेल्यावर डावीकडचे वरचे "वाय=" बटण दाबून फाइलीचा मेनू काढा, "ओपन" निवडा आणि यादीतली आर्टिफिसची फाइल उघडा. आकृती उघडण्याच्या निमित्ताने यंत्र आपला कोड चालवते, अशी ही युक्ती. त्यानंतर लगेच सेसियम बसवून घ्या. ही युक्ती तुमच्या ओएस आवृत्तीला लागू आहे का, ते आर्टिफिसच्या सूचनांमध्ये आधी पाहा. टिपून ठेवलेला आकडा इथे कामाला येतो.

ज्यांना एवढा खटाटोप नको त्यांनी बेसिकमधले खेळ खेळावेत. ती सोय कुठल्याच आवृत्तीत गेलेली नाही.

अडले तर

पडदा गोठला, कोणतेच बटण ऐकत नाही: सीईच्या मागच्या बाजूला छोटे रिसेटचे भोक आहे, त्यात सरळ केलेल्या टाचणीचे टोक हलकेच दाबा. जुन्या ८४ प्लसमध्ये चार ट्रिपल-ए बॅटऱ्यांपैकी एक काढून परत घाला. यंत्र "रॅम क्लिअर्ड" म्हणत उठेल. आर्काइव्हमधले सगळे जागेवर असेल.

"मेमरी"ची चूक आली तर रॅम भरली आहे. नको ते आर्काइव्हमध्ये ढकला. "गार्बेज कलेक्ट?" असा प्रश्न आला तर होय म्हणा, यंत्र कपाट आवरते आहे. त्या अर्ध्या-एक मिनिटात बॅटरी काढू नका किंवा रिसेट करू नका.

खेळ ठेवून उठलात आणि परत आल्यावर बॅटरी संपलेली: बऱ्याच असेंब्ली खेळांत काही मिनिटांनी आपोआप बंद होण्याची सोय चालत नाही. बाहेर पडूनच यंत्र खाली ठेवायची सवय लावा. बाहेर पडायला बहुधा "क्लिअर" किंवा "मोड" असते.

नवा खेळ आधी संगणकावर तपासून पाहायचा असेल तर सीईसाठी सीईमू आणि काळ्या-पांढऱ्या मॉडेलांसाठी वॅबिटइमू हे इम्युलेटर, म्हणजे संगणकावर कॅल्क्युलेटरची नक्कल करणारे प्रोग्रॅम, आहेत. त्यांना रॉमची फाइल, म्हणजे यंत्राच्या आतल्या सॉफ्टवेअरची प्रत, लागते. ती स्वतःच्या कॅल्क्युलेटरमधून काढायची असते.

दुसऱ्या घराण्यांची यंत्रे

कॅसिओ वापरणाऱ्यांचे काम तुलनेने सोपे आहे. एफएक्स-सीजी५० ला केबल लावली की पडद्यावर जोडणीचा प्रकार विचारला जातो. "एफ१" दाबून यूएसबी फ्लॅश निवडले की कॅल्क्युलेटर संगणकाला पेनड्राइव्हसारखा दिसतो. "जी३ए" शेपटाची खेळाची फाइल त्यात टाकायची, फोल्डरच्या आत नाही, अगदी बाहेर. संगणकातून सुरक्षितपणे वेगळे केल्यावर मुख्य मेनूत खाली नवे चिन्ह दिसते. एफएक्स-९७५०जीIII आणि ९८६०जीIII यांच्यासाठी फाइल "जी१ए" असते. वेगळे सॉफ्टवेअर नको, जेलब्रेक नको. खेळांचा साठा मात्र टीआयच्या मानाने लहान.

टीआय-एनस्पायरवर दोन वाटा. ओएस ३.० पासून, म्हणजे २०११ पासून, लुआ भाषेतले प्रोग्रॅम अधिकृतपणे चालतात. असा खेळ साध्या "टीएनएस" दस्तऐवजासारखा पाठवायचा आणि उघडायचा. त्याहून जड खेळ आणि जुन्या गेम कन्सोलचे इम्युलेटर चालवायचे तर एनडीलेस नावाचे जेलब्रेक लागते आणि ते ठरावीक ओएस आवृत्त्यांवरच बसते. इथेही तेच: अपडेट करण्याआधी दहा वेळा विचार.

नमवर्क्स हे फ्रान्समधून २०१७ मध्ये आलेले यंत्र. त्यात पायथन ही प्रोग्रॅमिंगची भाषा आहे. ब्राउझर वेब-यूएसबी जाणणारा असेल, जसे क्रोम किंवा एज, तर कंपनीच्याच संकेतस्थळावरून स्क्रिप्ट यंत्रावर पाठवता येते. त्यातले "कँडिन्स्की" मोड्यूल पडद्यावर ठिपके आणि चौकोन रंगवते आणि "आयन" मोड्यूल कोणते बटण दाबले आहे ते सांगते. खेळ लिहायला एवढे भरपूर झाले. पायथन शिकणाऱ्याला मी डोळे झाकून हेच यंत्र सुचवेन.

परीक्षेची गोष्ट

खेळ असलेले कॅल्क्युलेटर परीक्षेला नेण्याआधी नियम वाचा. अनेक ठिकाणी पर्यवेक्षक मेमरी पुसायला सांगतात किंवा यंत्र परीक्षा-मोडमध्ये टाकायला लावतात. टीआय-८४ घराण्यात यंत्र बंद असताना डावा बाण, उजवा बाण आणि "ऑन" एकत्र दाबून धरले की हा मोड सुरू होतो. मग प्रोग्रॅम आणि ॲप चालत नाहीत. परीक्षेनंतर केबल लावून मोड काढला की ते परत वापरता येतात. हा सराव घरी एकदा करून बघा. आदल्या दिवशी आर्काइव्हमधल्या खेळांचा बॅकअप संगणकावर असू द्या, म्हणजे "सगळे पुसा" असा हुकूम आला तरी जीव खालीवर होणार नाही. आणि पुसल्याचा देखावा करणारे प्रोग्रॅम फिरत असतात, त्यांच्या नादाला लागू नका. पकडले गेलात तर खेळ जातोच, पेपरही जातो.

केबलशिवाय: स्वतःचा खेळ

केबल नाही, संगणक नाही, ओएस नवी आहे. तरी खेळ हवा. मग तो कॅल्क्युलेटरवरच लिहा. टीआय-८४ च्या कुठल्याही मॉडेलवर हे जमते.

"पीआरजीएम" दाबा, उजव्या बाणाने "न्यू"पर्यंत जा, "एंटर". नाव आठ अक्षरांपर्यंत चालते. आता प्रत्येक ओळीच्या सुरुवातीला आपोआप विसर्गासारखे चिन्ह उमटलेला रिकामा पडदा दिसेल.

इथे नवशिके हमखास अडखळतात. आज्ञा अक्षरे जुळवून टाइप करायची नसते. "डिस्प" ही पडद्यावर छापण्याची आज्ञा म्हणजे चार अक्षरे नाहीत, ते एकच अखंड चिन्ह आहे. "अल्फा" दाबून एकेक अक्षर लिहिलेत तर पडद्यावर शब्द जवळपास तसाच दिसतो, पण यंत्राला तो चार व्हेरिएबलचा, म्हणजे किंमत साठवणाऱ्या चार अक्षरांचा, गुणाकार वाटतो. आज्ञा मेनूतूनच घ्यायच्या: प्रोग्रॅम लिहीत असताना पुन्हा "पीआरजीएम" दाबले की "सीटीएल" या भागात इफ, रिपीट, एंड वगैरे मिळतात आणि "आय-ओ" या भागात इनपुट, डिस्प, आउटपुट, गेटकी, क्लिअर होम. लहान-मोठे-बरोबरची चिन्हे "सेकंड" आणि "मॅथ" दाबून. किंमत साठवायचा बाण "एसटीओ" बटणावर.

पहिला खेळ: यंत्राने मनात धरलेला आकडा ओळखा. पहिल्या ओळीत क्लिअर होम, म्हणजे पडदा स्वच्छ. दुसरीत "मॅथ"च्या संभाव्यता भागातली, कोणताही एक आकडा निवडणारी रँडइंट आज्ञा, कंसात १ आणि १००, मग बाण आणि "एन" हे अक्षर. तिसरीत शून्य, बाण, "सी". हा प्रयत्नांचा मोजणारा. चौथीत रिपीट आणि पुढे अट: जी बरोबर एन. रिपीटची अट फेरीच्या शेवटी तपासली जाते, त्यामुळे निदान एक फेरी होतेच आणि "जी"ला आधी किंमत द्यायची गरज राहत नाही. पाचवीत इनपुट, अवतरणचिन्हांत प्रश्न, स्वल्पविराम, जी. सहावीत सी अधिक १, बाण, सी. सातवीत इफ, जी मोठा एन; आठवीत डिस्प आणि अवतरणात "जास्त" या अर्थाचा शब्द. नववी-दहावी तशाच, "कमी"साठी. अकरावीत एंड. बारावीत डिस्प, सी. झाले! "इफ"नंतर "देन" लिहिले नाही तर अट फक्त लगेचच्या एका ओळीला लागू होते, म्हणून इथे दोन जादा "एंड" वाचले.

लिहून झाले की "सेकंड" आणि "मोड" दाबून बाहेर या. जतन करायचे बटण शोधू नका, ते नाही. लिहिलेले तिथल्या तिथे जपले जाते. पण ते रॅममध्ये आहे. मी लिहिलेला सापाचा खेळ, तब्बल दोनशे ओळींचा, दुसऱ्याच एका असेंब्ली खेळाने यंत्र आडवे केल्यामुळे गेला होता. तेव्हापासून लिहून झाले की लगेच एक प्रत आर्काइव्हमध्ये.

आकडा ओळखून कंटाळा आला की काहीतरी हलवा. गेटकी ही आज्ञा दाबलेल्या बटणाचा क्रमांक देते: डावा बाण २४, वरचा २५, उजवा २६, खालचा ३४, "क्लिअर" ४५, "एंटर" १०५. काहीच दाबलेले नसेल तर शून्य. हे क्रमांक पाठ करायची गरज नाही. पहिला आकडा बटणाची वरून कितवी ओळ ते सांगतो, शेवटचा आकडा डावीकडून कितवा स्तंभ ते. "एंटर" दहाव्या ओळीत पाचवे, म्हणून १०५.

आता चांदणी हलवणारी युक्ती. एक्स हा स्तंभ आणि ए ही ओळ धरा, दोघांना सुरुवातीला ५ द्या. रिपीटची अट: के बरोबर ४५, म्हणजे "क्लिअर" दाबेपर्यंत. आत पहिले काम, गेटकी घेऊन के मध्ये ठेवणे. दुसरे, आउटपुट आज्ञेने ए आणि एक्स या जागी मोकळी जागा छापणे, म्हणजे जुनी चांदणी पुसली जाते. तिसरे, नवी जागा काढणे, आणि इथे चार "इफ" लिहायची गरज नाही. टीआय-बेसिकमध्ये खऱ्या विधानाची किंमत १ आणि खोट्याची ० असते. म्हणून "एक्स, अधिक कंसात के बरोबर २६, वजा कंसात के बरोबर २४" असे लिहून ते एक्समध्ये साठवा. उजवा बाण दाबला तर एक मिळवला जाईल, डावा दाबला तर एक वजा होईल, एरवी काहीच नाही. ए साठी तसेच ३४ आणि २५ वापरा. मग आउटपुटने नव्या जागी चांदणी छापा आणि एंड.

चालवून बघा आणि मुद्दाम कडेला धडक द्या. "डोमेन" अशी चूक येईल, कारण ८४ प्लसवर मजकुराच्या पडद्याला ८ ओळी आणि १६ स्तंभ आहेत, सीईवर १० आणि २६. त्याबाहेर छापायला यंत्र नकार देते. उपाय सोपा: "मॅथ"च्या "नम" भागातून मिन आणि मॅक्स घ्या. एक्स आणि २६ (८४ प्लसवर १६) यांतला लहान घ्या, मग तो आणि १ यांतला मोठा घ्या, आणि तो परत एक्समध्ये ठेवा. ए साठी तसेच १० (८४ प्लसवर ८) वापरा. भिंत तयार झाली. छापण्याची ओळ याच्या खाली असली पाहिजे, वर नाही.

पुढची पायरी म्हणजे रँडइंटने पडद्यावर कुठेतरी एक शून्य टाकायचे, चांदणीची जागा त्याच्याशी जुळली की गुण वाढवायचा आणि शून्य दुसरीकडे हलवायचे. शेजारच्याकडेही तेच मॉडेल असेल तर दोन यंत्रे केबलने जोडा, त्याला "सेकंड" आणि "एक्स-टी-थीटा-एन" दाबून आधी "रिसीव्ह"वर थांबायला सांगा, मग तुम्ही "सेंड"मधून प्रोग्रॅम निवडून "ट्रान्समिट" करा. उलट क्रमाने केलेत तर जोडणी होत नाही.